फोटोतून बाजूला झालेली बहीण

आदरणीय शाहीनखाला,

नळदुर्गहून तुमच्या थोरल्या बहिणीची सून रुबिना हिचा सलाम. तब्येत बरी आहे ना? तामलवाडीत पाऊसपाणी कसं आहे? (तुम्ही अम्मींशी बोलत नाही, पण माझं पत्र वाचायला हरकत नसावी. फोन तुम्ही कट केला असता.)

तर झालं असं. घरातल्या माझ्या शिवणक्लासात दुपारी बायका पेंगायच्या, म्हणून मी गोष्टी सांगायला लागले. भुताची सांगितली, कुणी मान वर केली नाही. बँकेवरच्या दरोड्याची सांगितली. क्लासातल्या इरम्मानं दरोडेखोराच्या पिशवीला अस्तर होतं का, एवढंच विचारलं. शेवटी नाइलाजानं (माफ करा खाला, नावं बदलली होती) दोन बहिणींची सुरू केली. लग्नात फोटोवाला म्हणतो, घरचेच थांबा, बाकीचे बाजूला व्हा. धाकटी बाजूला होते आणि थोरली हाक मारील म्हणून वाट बघते. थोरली मारत नाही. धाकटी न जेवता जाते, ती पुन्हा येतच नाही. (माझंच लग्न ते, कसं विसरेन?)

सगळ्या मशिनी थांबल्या! शेजारणीसुद्धा कापड न आणता येऊन बसायला लागल्या. साध्या फोटोत एवढं काय आहे, असं मी विचारलं तर इरम्मा म्हणाली, "भूत आमच्या घरात न्हाय बाई. बहीण हाय."

काल तर दोन तट पडून असं भांडण पेटलं की एका ब्लाउजला दोन्ही बाह्या डाव्याच लागल्या. "थोरलीलाच लई माज," इरम्मा म्हणाली, आणि आत लसूण सोलत बसलेल्या अम्मी तडक बाहेर आल्या.

"माज न्हवता! बँड वाजत होता, फोटोवाला काय बोलला ते तिला ऐकूच आलं न्हाय. फोटो हातात आला तवा कळलं, बहीण त्यात न्हाईच."

"मग धाकटीला सांगितलं का न्हाय?" इरम्मानं विचारलं.

"लाज वाटली," असं म्हणून अम्मी आत गेल्या.

खाला, हे माझ्या गोष्टीत नव्हतं. मला माहीतच नव्हतं. नंतर कुणी मशीन चालवली नाही.

तुम्हाला कळावं म्हणून लिहिलं, बाकी मागणं काही नाही. मोठ्यांना सलाम, लहानांना दुवा.

तुमची,
रुबिना

ता. क. मागणं आहे. शुक्रवारी या. बायकांना गोष्टीचा शेवट पाहिजे, आणि मला तो रचता येत नाही.

आणखी ता. क. अम्मींना पत्र वाचून दाखवलं. म्हणाल्या, "येऊ दे, पण पहिलं मी बोलणार न्हाय." तेवढं पहिलं वाक्य तुम्ही बोला, खाला. दुसरं त्या सकाळपासून गॅसपुढं उभ्या राहून पाठ करताहेत.