उभ्या दिवशी कोणाकडे तोंड

२६ नोव्हेंबर १९६१, सकाळी
आजपासून नियम. पहाटे उठणे, बिडी बंद, रोज डायरी. (उठलो साडेआठला. नियम उठल्यावर सुचला, म्हणून हा दिवस धरायचा नाही.)

कारण गंभीर आहे. कार्तिकी अमावस्या जवळ आली, म्हणजे उभा दिवस. भर दुपारी पटांगणात वाजणारा डफ थांबला की आमच्या शिवारात वेळ थांबते. घार आभाळात जागच्या जागी, धूर चुलीवर, माणूस असेल तसा उभा. हलता येत नाही, बोलता येत नाही. समोर असेल तेवढंच दिसत राहतं. बाहेरच्यांचं पापणी लवण्याइतकं, आमचा आख्खा दिवस. म्हणून कोणाकडे तोंड करून उभं राहायचं, याला गावात फार महत्त्व. नवरा-बायकोने समोरासमोर, अशी रीत.

यंदा मी रीत मोडणार. सोसायटीला सेक्रेटरी नेमायचा आहे. नेमणार चेअरमन बबनराव. दिवसभर त्यांच्या नजरेसमोर माझा चेहरा राहिला, तर दुसऱ्या कोणाचं नाव त्यांना सुचेलच कसं? प्लॅनमध्ये चूक सापडत नाही.

२८ नोव्हेंबर
कौसल्येला सांगितलं, यंदा मी तुझ्यासमोर नाही. तिने विचारलं, मग मी पाहायचं कोणाकडे? म्हटलं, माझ्या पाठीकडे. पाठही काही वाईट नाही.

नाराज दिसली. गेल्या वर्षीचं अजून मनात धरून आहे. गेल्या वर्षी डफ थांबता थांबता मी डोळे मिटून घेतले होते. अशी झोप वर्षात लागली नव्हती. ती दिवसभर माझ्या मिटल्या पापण्या बघत उभी. यात माझा काय दोष? उघड्या डोळ्यांनी बघावं असं तिच्या तोंडात काय आहे, ते लग्नापासून मला सापडलेलं नाही. तसं तिला सांगूनही टाकलं. संसारात स्पष्टपणा हवा.

३० नोव्हेंबर
शेजारच्या मैनाबाई मुद्दाम आल्या. म्हणाल्या, ज्या बाईकडे नवरा उभ्या दिवशी तोंड करत नाही, ती दिवेलागणीच्या आत कायमची माहेरी जाऊ शकते, आणि पंचही अडवत नाहीत, हे ठाऊक आहे ना? ठाऊक आहे. पण कौसल्या जाईल कुठे? आईबाप नाहीत. भाऊ मारोती बोरी अरब गावी हमाली करतो. हेही तिच्या देखतच म्हणालो, म्हणजे उगाच विचार करत बसायला नको.

बिड्या चारच.

३ डिसेंबर
कौसल्येने मला न विचारता मारोतीला निरोप धाडला. माफ केलं. माझी नेमणूक बघायला बोलावलं असणार. त्याचं जेवण तिच्या वाट्यातून, एवढं बजावलं. दुपारी तिने माहेरची ट्रंक घासून अंगणात वाळत ठेवली. कशाला, विचारलं तर म्हणाली, लागन. हुशार होत चालली आहे. सेक्रेटरीला सोसायटीची खोली मिळते. बिऱ्हाड हलवायची तयारी आत्तापासून!

६ डिसेंबर
चेहऱ्याची प्रॅक्टिस. नम्र, हुशार, विश्वासू, तिन्ही भाव एकदम आणता येतात. कौसल्येला करून दाखवलं. तिने पोट दुखतं का विचारलं.

७ डिसेंबर, संध्याकाळी
भाकरी नाही, चणे खाऊन लिहायला बसलो.

पटांगणात बबनराव खुर्चीवर. सेक्रेटरीपदावर डोळा असलेल्या उकंडाला कोपराने बाजूला सारून मी ऐन समोरची जागा धरली. तिन्ही भाव आणले. डफ संपत आला. तेवढ्यात कौसल्या गर्दीतून आली आणि माझ्या नि बबनरावांच्या मधोमध उभी राहिली. नवं लुगडं नेसली होती. हळूच म्हणाली, "एक खेप माह्याकडं पाहा. मंग मी काहीच मांगनार नाही."

मी म्हटलं, सरक, चेअरमन दिसत नाहीत. आणि खांद्याला धरून ढकललं. डफ थांबला.

तसंच राहिलं सगळं. माझा हात तिच्या खांद्यावर, ती कलंडलेली, डोळ्यातून निघालेला थेंब गालावर अडकलेला. दिवसभर तो थेंब पडेना. तिच्या दंडाआडून बबनरावांच्या टोपीचं टोक तेवढं दिसत होतं. माझ्या तोंडावर तिन्ही भाव सोडून भलताच चौथा राहिला, आणि तो अर्ध्या गावाने दिवसभर पाहिला.

वेळ सुटली. थेंब पडला. तिने पदराने गाल पुसला नि म्हणाली, "झालं माह्यं पाहून." निरोपावरून आलेल्या मारोतीने ट्रंक डोक्यावर घेतली. दोघं एसटीच्या रस्त्याला लागली. भाकऱ्या थापून जा, असं मी मागून ओरडलो. पंच जवळच उभे होते. कोणी तिला अडवलं नाही.

चार दिवसांत येईल.

२० डिसेंबर
आली नाही. सेक्रेटरी उकंडा झाला. बबनरावांना भेटलो. ते म्हणाले, दिवसभर मला एका बाईची पाठ दिसत होती, तू तिथे होतास हे आत्ताच कळतं आहे. म्हणजे कौसल्येनेच माझं करिअर बुडवलं. माफी मागितल्याशिवाय घरात घ्यायचं नाही, असं ठरवलं.

४ मार्च १९६२
घ्यायचं, असं ठरवलं. माफी नंतर बघू. निरोप पाठवला. निरोप नेणारा सांगत आला की ती कापसाच्या जिनात कामाला जाते, बायकांत बसून हसते. दुसरीच कोणीतरी पाहिली असेल. आमच्याकडे ती हसत नसे.

२६ नोव्हेंबर १९६२
उद्या उभा दिवस. समोर उभं राहायला माणूस मिळत नाही. मैनाबाईंना विचारलं. त्या बकरीकडे तोंड करणार आहेत.

हरकत नाही. राळेगावच्या बाजारातून मोठा आरसा आणला. माझ्या तोलाचं माणूस या गावात शेवटी मीच. यंदा झोपायचं नाही, डोळे टक्क उघडे ठेवायचे.

२७ नोव्हेंबर, संध्याकाळी
दिवसभर पाहिलं.

कौसल्या इतकी वर्षं हे समोर घेऊन उभी राहत होती.

आरसा कोणाला हवा असल्यास फुकट न्यावा. मैनाबाईंना विचारून आलो, त्या नको म्हणाल्या.