भरतीला न दाखवलेला खडक

३ फेब्रुवारी

ती. बाबांस,
सा. न. वि. वि.

तुमचा गुडघा वाकायला लागला हे वाचून बरं वाटलं. आत्याने तुम्हाला जिना चढायची बंदी केली हे वाचून त्याहून बरं वाटलं. फोन न करता पत्र लिहिते आहे, कारण फोनवर तुम्ही विषय बदलता आणि दोन मिनिटांनी मीही तुमच्या मागून जाते. पत्रात तसं करता येत नाही.

बातमी तुम्हाला कळली आहेच. आपल्या सहलीच्या वाटेवर पर्यटन विभाग चार दगडी फलक लावतो आहे: धान्यकोठार, पाण्याची टाकी, कड्यावरचं वळण आणि दिव्यांचा खडक. खडकाच्या फलकावर खाली बारीक अक्षरात तुमचं नाव येणार आहे. तुम्ही त्यासाठी कोट शिवायला टाकलात, हे आत्याने फोनवर आधीच फोडलं.

मसुदा माझ्याकडे आला आहे. ‘खडकात कोरलेल्या या सात खड्ड्यांत प्राचीन नगरातील लोक दिवे ठेवत. घरातलं कुणी समुद्रावर गेलं की त्याच्या नावाने एक दिवा लागे आणि ते माणूस परतलं की विझवला जाई.’ तुमचीच वाक्यं आहेत. खाली मला लिहून द्यायचं आहे की ही माहिती खरी आहे आणि तिचा आधार अमुक आहे. तुमच्यानंतर या वाटेवरची मार्गदर्शक मी, म्हणून सही माझी. अठ्ठावीस तारखेपर्यंत.

मागच्या आठवड्यात सही केलीच असती. पण परवाच्या गाडीत एक बाई होत्या, जन्मभर बंदरावर पाण्याच्या मोजणीचं काम केलेल्या. सगळे फोटो काढत होते तेव्हा त्यांनी बाही वर करून एका खड्ड्यात हात घातला आणि चिमुकले शिंपले दाखवले, आतल्या बाजूला चिकटलेले. जिवंत. म्हणजे इथे रोज पाणी येतं, मग दिवा टिकायचा कसा, असं त्यांनी अगदी सौम्यपणे विचारलं. मी हसून, चला, गाडी थांबली आहे, असं म्हटलं. बाबा, गाडी थांबलेली नव्हती. ड्रायव्हरकाका चहा पीत होते.

घरी येऊन तुमची हिरवी वही काढली. पहिल्याच पानावर नियम आहे: पक्कं ठाऊक असेल ते छातीठोक सांगावं, नसेल तिथे ‘असं म्हणतात’ लावावं. कोठाराबद्दल तुम्ही ते तीनदा लावलं आहे, टाकीबद्दल दोनदा. दिव्यांच्या गोष्टीत एकदाही नाही. म्हणजे तुम्हाला पक्कं ठाऊक असणार. कुठून, एवढंच कळवा. मी तेवढं लिहीन आणि सही करीन.

जेवण वेळेवर होतं. हे तुम्ही विचाराल म्हणून.

तुमची,
मोजपट्टी


७ फेब्रुवारी

चि. मोजपट्टीस,
अनेक आशीर्वाद.

तुझं पत्र म्हणजे कोर्टाचं समन्स वाटलं. पाणी पिऊन वाचलं.

इथे माझे हाल आहेत. तुझी आत्या मला सकाळी अंगणात वीस फेऱ्या मारायला लावते आणि खिडकीतून मोजते. मी तिला म्हटलं की तीस वर्षं मी लोकांची डोकी मोजली, आता माझी पावलं मोजली जातायत. तिला विनोद कळला नाही. कोटाचं माप दिलं आहे, रंग करडा. तुझ्या आईला करडा आवडायचा.

आता तुझा प्रश्न. दिव्यांची गोष्ट मी माझ्या वडिलांकडून ऐकली. मी अर्ध्या चड्डीत होतो, त्यांनी मला त्या खडकावर नेऊन सांगितली. पंधरा वर्षांपूर्वी विभागाने विचारलं तेव्हाही त्यांच्या नोंदवहीत मी हेच लिहून दिलं आहे. तेवढं लिहून टाक आणि मोकळी हो. शिंपले काय, कुठेही चिकटतात. ती बाई पाहुणी म्हणून आली होती का परीक्षक म्हणून?

कड्याच्या वळणावर डाव्या बाजूच्यांना आधी बघू देतेस ना? आणि परतताना जागा बदलायला लावतेस ना? लोक ते विसरत नाहीत.

तुझा,
बाबा

ता. क. दादाने ‘हे सगळं खरं आहे’ एवढं खाली लिही म्हणून सांगितलं, म्हणून लिहिते आहे. पत्र मला वाचू दिलेलं नाही, त्यामुळे काय खरं आहे ते ठाऊक नाही. – आत्या


११ फेब्रुवारी

ती. आत्यास,
सा. न. वि. वि.

बाबांच्या पत्राखालची तुझी ओळ वाचून पोट धरून हसले. मग हसू थांबलं. बाबांना साक्षीदार कधीपासून लागायला लागले?

पण ते असू दे. तुझी चौकशी करायला लिहिते आहे. पाठदुखी कशी आहे? बाबा औषधं घेतात, की गालात धरून नंतर कुंडीत टाकतात? कुंडीतली झाडं मरायला लागली तर समज.

एक सहज विचारायचं होतं. परवा जुन्या फोटोंत आजोबांचा दुकानातला फोटो सापडला, डोळ्याला भिंग लावलेला. मी त्यांना पाहिलंच नाही. कसे होते ते? घड्याळं सोडून त्यांना कशाची आवड होती? फिरायला जायचे का तुम्हाला घेऊन? समुद्र आवडायचा का त्यांना? सवडीने लिही. काही घाई नाही.

(घाई नाही असं मी लिहिलं खरं, पण पंधरा-सोळा तारखेपर्यंत आलं तर बरं.)

माझ्याबद्दल काळजी करू नकोस. सहली भरून जातायत. फक्त त्या खडकाशी आले की हल्ली माझा आवाज बारीक होतो. ड्रायव्हरकाका म्हणाले की मी तिथे उसनी साडी नेसल्यासारखं बोलते, जपून जपून.

तुझी,
भाची


१५ फेब्रुवारी

चि. सोनीस,
अनेक आशीर्वाद.

किती दिवसांनी कुणी माझ्या वडिलांबद्दल विचारलं! दादा तर त्यांचं नावच काढत नाही. काढलं तर डोळे पुसतो आणि कांदा चिरत होतो म्हणतो. कांदा मी चिरत असते.

ते फार शांत. दिवसभर दुकानात मान खाली, आम्ही शेजारी बसून स्क्रू शोधायचो. फिरायला म्हणशील तर टेकडीपर्यंत, रविवारी. आमचं गाव समुद्रापासून दोन दिवसांच्या वाटेवर. त्यांनी समुद्र पाहिला तो दुकानातल्या कॅलेंडरवर, तेवढाच. दादाला तुमच्याकडे नोकरी लागली तेव्हा ते जाऊन चार वर्षं झाली होती. एकदा तरी लाटा दाखवायला हव्या होत्या, असं दादा अजून म्हणतो.

औषध घेतो. कुंड्या ठीक आहेत. मात्र तुझं पत्र आल्यापासून शिवून आलेला कोट घालून सारखा आरशासमोर उभा राहतो. परवा मी विचारलं की काय झालं, तर म्हणाला, पोरगी माझ्याहून चांगली मार्गदर्शक झाली, हेच झालं. आता यात वाईट वाटण्यासारखं काय, तूच सांग.

तुम्हा बापलेकीत काही बिनसलंय का? मला मध्ये घालू नका, पण सांगा तरी.

तुझी,
आत्या


१८ फेब्रुवारी

ती. बाबांस,
सा. न. वि. वि.

आधी माझी चूक सांगते. मी आत्याला आजोबांबद्दल ‘सहज’ विचारलं. सहज नव्हतं. तिने प्रेमाने चार ओळी जास्त लिहिल्या आणि मी त्यातली एक उचलली. दोन दिवस स्वतःचं तोंड पाहावंसं वाटलं नाही.

पण बाबा, आजोबांनी समुद्र पाहिलाच नव्हता.

दुसरी गोष्ट. आपण कधी आधी कोठार दाखवतो, कधी आधी खडक. कधी सातला निघतो, कधी दहाला. तुम्ही मला कारण सांगितलं होतं, ऊन. मी बंदरातून भरती-ओहोटीचं कोष्टक आणलं आणि तुमच्या वहीतलं शेवटचं वर्षभराचं वेळापत्रक त्याच्याशी ताडून पाहिलं. एकही सहल, एकही, भरतीच्या वेळी त्या खडकावर गेलेली नाही. वहीत तुम्ही लिहिलं आहे की भरतीला खडक निसरडा असतो, म्हणून मीही कधी गेले नाही. काल सुट्टी होती म्हणून मी भरतीला जाऊन पाहिलं. निसरडा नसतो. नसतोच. सातही खड्डे पाण्याखाली असतात, गुडघाभर.

म्हणजे तुम्हाला ठाऊक होतं. इतकी वर्षं कुणाला दिसू नये म्हणून तुम्ही गाडी फिरवत राहिलात. मलाही. मी परवान्याच्या परीक्षेत हीच गोष्ट लिहून पहिली आले. बाकीचे मार्गदर्शक तुमच्याकडून शिकून तेच सांगतात. आता दगडावर कोरायची वेळ आली आणि तुम्ही तुमच्या वडिलांचं नाव पुढे केलंत.

दुसऱ्या कुणाबद्दल हे कळलं असतं तर मी त्याला काय म्हटलं असतं ते इथे लिहीत नाही. आता मला वहीतल्या प्रत्येक पानाची शंका येते. वळणावर डावीकडच्यांना आधी बघू द्यावं, त्यातही काही आहे का?

फलकावर तुमचं नाव यावं असं मला तुमच्यापेक्षा जास्त वाटतं. पण सही माझी आहे. खरं काय ते लिहा. साक्षीदार नको.

तुमची मुलगी


२३ फेब्रुवारी

चि. मोजपट्टीस,
आशीर्वाद. घेशील तर.

डावीकडच्यांना आधी बघू द्यावं यात काही नाही. त्या बाजूने कडा दिसतो, एवढंच.

गोष्ट मी रचली. वडिलांचं नाव खोटं घातलं. विभागाच्या माणसाने आधार विचारला, मागे रांग होती, घाबरलो आणि जो माणूस येऊन नाही म्हणू शकणार नाही त्याचं नाव लिहिलं. त्याची लाज मला रोज वाटते. बाकीच्याची किती वाटावी हे अजून ठरत नाही.

तू सहा वर्षांची होतीस. आई चाळीस दिवस दवाखान्यात होती. घरी ठेवायला कुणी नव्हतं म्हणून मी तुला सहलीवर न्यायचो, ड्रायव्हरच्या मागच्या सीटवर. तू दोन दिवस नीट जेवली नव्हतीस. खडकावर तू त्या खड्ड्यांशी बसलीस आणि यात काय ठेवायचे म्हणून विचारलंस. कुणालाच ठाऊक नाही, मलाही नव्हतं. ‘ठाऊक नाही’ म्हणणारच होतो. पण त्या दिवसांत तू जे जे विचारायचीस, आई कधी येणार, आईला काय झालंय, त्या सगळ्याला मी तेच म्हणत होतो. आणखी एकदा ते तोंडातून निघेना.

म्हणून दिवे म्हणालो, दूर गेलेल्या माणसाच्या नावाचे. आपला कुठला, असं तू विचारलंस. मी शेवटचा दाखवला. मग तू डबा उघडलास.

मागे उभ्या असलेल्या दोघांनी ऐकलं आणि सगळ्यांना ऐकू येईल असं सांगा म्हणाले. मी मोठ्याने सांगितलं. चूक तिथे झाली. पुढच्या आठवड्यात लोक दिव्यांचा खडक कुठे आहे असं विचारत आले.

‘असं म्हणतात’ का लावलं नाही, तेही सांगतो. कोण म्हणत होतं? कुणीच नाही. मी एकटा म्हणालो होतो. ते लावलं असतं तर आणखी एक खोटं झालं असतं.

आता भरती. आई घरी यायची त्या दिवशी माझी सहल नव्हती. तू हट्ट धरलास म्हणून दुपारी तुला खडकावर नेलं. भरतीचं भान राहिलं नव्हतं, बघतो तर पाणी. मला वाटलं, आता हिला काय सांगू. तर तू टाळ्या पिटल्यास. दिवा विझला, म्हणजे आई आली, असं म्हणत मला ओढत घरी आणलंस. दोन तासांनी दारात दवाखान्याची गाडी थांबली. आईला सांगितलं तर ती हसली आणि म्हणाली, पोरीला असलं काही सांगू नका, ती लिहून ठेवील.

भरतीला मी लोकांना तिथे नेलं नाही ते लपवायला, हे खरं. पण एकच कारण नव्हतं ते. बाकी सगळा खडक मी लोकांना देऊन बसलो होतो. तेवढी वेळ आपल्या तिघांची राहू दिली.

तुला योग्य वाटेल ते लिही. कोट लग्नाकार्याला होईल.

तुझा,
बाबा


२ मार्च

ती. बाबांस,
सा. न. वि. वि.

तुमचं पत्र चारदा वाचलं. रडले. मग तपासलं. रागावू नका, वही तुमचीच.

आईच्या कागदांच्या डब्यात दवाखान्यातून सोडल्याचा कागद सापडला. त्यावरची तारीख घेऊन बंदराच्या कचेरीत गेले आणि त्या वर्षीचं भरतीचं कोष्टक काढायला लावलं. कारकुनाने धूळ झटकत दोनदा विचारलं की एवढ्या जुन्या पाण्याचं काय करायचंय. त्या दिवशीची भरती दुपारी एक वाजून दहा मिनिटांनी. सहलींची जुनी वहीही पाहिली. त्या दिवशी तुमच्या नावापुढे रेघ आहे, म्हणजे सहल नाही.

मला स्वतःला त्यातलं काहीही आठवत नाही. डबा नाही, टाळ्या नाहीत. आठवलं असतं तर किती बरं झालं असतं, पण आठवतं असं मी म्हणणार नाही.

अठ्ठावीसला कागद दिला. मी लिहिलं: ‘खडकातील सात खड्डे. उपयोग अज्ञात. भरतीच्या वेळी पाण्याखाली जातात.’ विभागाच्या साहेबबाईंनी चष्मा काढून विचारलं की लोकांना आवडणारी गोष्ट कुठे गेली आणि नाव का नको. मी सगळं सांगितलं. त्या बराच वेळ कागद उलटसुलट करत राहिल्या. माहितीच अज्ञात, मग ती देणाऱ्याचं नाव कसलं, असं म्हणाल्या; त्यामुळे फलकावर कुणाचंच नाव येणार नाही. जुन्या नोंदीतलं आजोबांचं नाव खोडायला मात्र तुमची सही लागते, तुमच्याच हाताची. त्यासाठी यावं लागेल. जिना नाही, मी पाहून आले.

कोट घालून या.

येत्या रविवारी भरती दुपारी साडेबाराला आहे. ड्रायव्हरकाका कुरकुरले, पण मी सहल तीच वेळ धरून लावली आहे. अठ्ठावीस सीट भरल्या. तुमची ड्रायव्हरकाकांच्या मागची. आत्याचीही एक ठेवली आहे, तिला सांगा की मी माफी मागणार आहे आणि कशाबद्दल ते तिथे सांगेन.

पाण्याजवळ उभी राहून मी लोकांना आधी सांगेन की हे खड्डे कशाचे ते कुणालाच ठाऊक नाही. शब्द तोंडातून निघतील, सराव केला आहे. मग सांगेन की एका माणसाने एकदा एक गोष्ट रचली होती आणि तो माणूस इथेच आहे.

पुढचं तुम्ही सांगायचं. मागे उभ्या असलेल्यांनाही ऐकू गेलं पाहिजे, म्हणून मोठ्याने सांगा.

लोभ आहे तसाच असू द्या. माझी शंका तेवढी ओसरली आहे.

तुमची,
मोजपट्टी