रडणं बंद झालेला वर्ग

दादा,

हे पत्र तुला धाडणं काही माझ्याच्याने होणार नाही, तरी लिहिते.

'मूल रडलं की पाठ फिरवा, आपोआप गप्प होतं,' असं तू पुस्तकात लिहिलंस. मी बालवाडीत तसंच केलं आणि महिनाभरात रडणं थांबलं. मोठ्या बाई म्हणाल्या, "जादू केलीत की हो!"

सोमवारी एका मुलीचं बोट दारात चेंगरलं. सुटीपर्यंत ती ते बोट मुठीत झाकून बसली. सगळ्या पोरांनी पाहिलं होतं, पण कुणी चकार शब्द काढला नाही.

तुझी लेकही माझ्याच वर्गात आहे. पहिल्या दिवशी तिने रडून आकांत केला, तेव्हा मी पाठ फिरवली.

आज सकाळपासून ती मूठ आवळून अगदी शांत बसली आहे. ती मूठ उघडून बघायचा मला धीर होत नाही.

तुझं पुस्तक तोंडपाठ असलेली,
धाकटी