कै. बॅरन हॉलोमिअर यांच्या आख्यानाला वारसाची संमती

प्रति,
मा. कार्यक्रमप्रमुख श्री. सिद्धेश राजवाडकर,
मैत्र मराठी मंडळ, हर्नडन.

विषय : सर्वपित्रीच्या कीर्तनात कै. बॅरन हॉलोमिअर यांचे आख्यान लावण्यास मंजुरी मिळणेबाबत.
संदर्भ : 'वारसाचे संमतिपत्र जोडा' ही आपली ई-मेल.

महोदय,

१. अर्जदार मोरेश्वर साठ्ये, निवृत्त अभियंता, हे मंडळाच्या प्रत्येक कीर्तनाला पहिल्या रांगेत मांडी घालून (गुडघे बदलल्यापासून खुर्चीत) बसणारे श्रोते असून सविनय सादर करतात की,

२. 'बॅरन' या विलायती सरदारकीच्या किताबाचा इतिहास असा. पहिल्या बॅरननी पळत्या राजाला आपला घोडा दिला आणि स्वतः चिखल तुडवत घरी गेले. राजाने किताब दिला, घोडा परत दिला नाही. पुढच्या पिढ्या चर्चमध्ये पहिल्या बाकावर कोणी बसायचे यावरून भांडत राहिल्या. शेवटचे बॅरन सगळे सोडून अमेरिकेत हर्नडनला आले आणि घड्याळे दुरुस्त करू लागले. ते अर्जदाराचे घरमालक. बर्फात गाडी कशी चालवायची ते अर्जदाराला त्यांनीच शिकवले. घरच्या कीर्तनाला येत, मोठ्या हौसेने चुकीच्या ठेक्यात झांज वाजवत. आपण लॉर्ड आहोत हे त्यांनी कधी सांगितले नाही. ते निधनवार्तेतून कळले. मूलबाळ, भाऊबंद कोणी नाही. त्यामुळे त्यांच्याबरोबर किताबही संपला.

३. निरभिमानावर याहून चांगले आख्यान नाही, असे कीर्तनकार वीणाताईंचे मत. त्यांनी ते साक्या-दिंड्यांत बांधून पाठही केले आहे. वय पाहता त्यांची ही अमेरिकेची शेवटची फेरी.

४. गेल्या वर्षी एका सरदाराच्या आख्यानात त्यांचे वंशज भर सभेत उठून "आमचे खापरपणजोबा पळाले नव्हते!" असे ओरडले, तेव्हापासून संमतीचा नियम झाला. तो योग्यच आहे. परंतु वारस नाही म्हणूनच किताब संपला, हे अर्जदाराने वारंवार कळवले. त्यावर चिटणीस चि. निधी म्हणाल्या, "काका, मला कळतंय हो, पण तो कॉलम मँडेटरी आहे. कोणीतरी रिलेटिव्ह असेलच ना?"

५. शोध घेता एक सापडला. बॅरन गेल्यापासून दर सर्वपित्रीला अर्जदार त्यांना तिलांजली देतात. गोत्र ठाऊक नसेल तर काश्यप म्हणावे, या रीतीने गुरुजी 'काश्यपगोत्र हॉलोमिअर' असा उच्चार करतात. आजवर कोणी हरकत घेतलेली नाही. पाणी देतो तो वारस, असेच आपण मानतो. सबब अर्जदाराने वारस या नात्याने संमतिपत्रावर सही केली आहे. किताबावर दावा नाही.

६. 'मृताशी नाते' या रकान्यात 'भाडेकरू' असे लिहिले आहे. ते नियमात बसत नसल्यास आपण खोडून 'मुलगा' लिहावे. अर्जदाराची ना नाही.

आपल्या होकाराची वाट पाहणारा,
मोरेश्वर साठ्ये
दि. २ सप्टेंबर २०२६

सोबत : संमतिपत्र, निधनवार्तेचे कात्रण.