त्रिग्लावच्या माथ्यावर तीन फटके

लुडविक, माझ्या लाडक्या भावा,

नाही रे, गुडघे शाबूत आहेत. काल आपल्या स्लोव्हेनियाचा सर्वांत उंच डोंगर, त्रिग्लाव, चढले. वाटाड्या गाश्पर म्हणाला, "आजी, बकरीसारख्या चढताय. फक्त बकरी एवढी बडबडत नाही."

धाप थोडी लागली, पण उतरल्यावर बार्लीचं कढण पिऊन गाढ झोपले. तुझा खोकला गेला का? गाय व्याली का?

माथ्यावर पहिल्यांदा येणाऱ्याच्या पाठीवर दोरीचे फटके मारतात ना, तर गाश्परने विचारलं, "आजी, पहिलीच खेप का?" मी गुपचूप पाठ वाकवली. तीन बसले.

आता रागावू नकोस. त्रिग्लाव चढल्याशिवाय खरा स्लोव्हेन होत नाही म्हणतात, आणि तू चढला नाहीस म्हणून चाळीस वर्षं तुला 'अर्धा स्लोव्हेन' म्हणून चिडवलं. लग्नानंतर मी आणि तुझे दाजी चढून आलो, ही थाप होती. आम्ही पायथ्याच्या खाणावळीत जेवून परत फिरलो. कालपर्यंत मीही अर्धीच होते.

तुझी तेरेझियाताई