रानकॉफीखालचं खोटं थडगं

रॉड्रिग्ज बेट, १२ ऑक्टोबर

चि. एडलीनला आजीचे पोटभर आशीर्वाद.

पोरी, नाच! तुझ्या रानकॉफीखाली रोपं उगवलीत! साऱ्या जगात एवढं एकच झाड उरलंय असं तू सांगायचीस, तेव्हा मला वाटायचं साहेबलोकांची बडबड. पण यंदा कधी नव्हे ती फळं धरली, गळली, आणि आता खाली ही पिलावळ. पानं लांब, बारीक, तपकिरी. आईचं रूप कुठेच नाही. तुझा बापही जन्मला तेव्हा असाच कोणावर गेलेला नव्हता.

गुडघे मात्र थकले गं. ऑक्टोपस मारायला पाण्यात उतरणं बंद झालं. दिवसभर झाड राखायचं, कारण शनिवारी पिणारे रविवारी दारूच्या उताऱ्याला, काढ्यासाठी याचा पाला ओरबाडायला हजर. झाडाभोवतीची सरकारी तार वाकवून वाकवून तिचं दारच झालंय. आणि शेजारची एलियेत! नवऱ्याच्या, आर्सेनच्या खोकल्यासाठी रोज एक डहाळी तोडते. वर मलाच म्हणते, झाड काय तुझ्या सासऱ्यानं लावलंय?

म्हणून युक्ती केली. बुंध्याशी मातीचा लहानसा उंचवटा, त्यावर क्रूस. तान्ह्या बाळाचं थडगं वाटावं असं. थडग्यावरचं पान आपल्याकडे कोण तोडतंय? एलियेत तर क्रुसाची खूण करून लांबूनच जाते. मी घरात तोंड दाबून हसते.

माया आहे तेवढी राहू दे.
तुझी आजी नोएलिझ

मॉरिशस, २४ ऑक्टोबर

ती. आजीस एडलीनचा सा. न.

पत्र रोपवाटिकेत सगळ्यांना वाचून दाखवलं. इथे लावलेल्या त्या झाडाच्या फांद्या एकेक करून वाळल्या. आता ती रोपंच काय ती आशा. मी पुढच्या बोटीनं न्यायला येते.

तेवढा क्रूस आजच काढ. दोन नोव्हेंबर, मृतांचा दिवस जवळ आलाय, आजी. थडगं दिसलं की आपले लोक ते साफ केल्याशिवाय राहतात का?

तब्येत सांभाळ, आणि माझ्यावर रागावत जा, बरं वाटतं.
तुझी एडलीन

रॉड्रिग्ज बेट, ५ नोव्हेंबर

चि. एडलीनला आशीर्वाद.

तुझं पत्र काल बोटीनं आलं. मृतांचा दिवस त्याआधीच होऊन गेला.

त्या दिवशी मी तुझ्या आजोबांच्या थडग्याला चुना लावायला गेले होते. परत येऊन पाहते तर झाडाखाली मेणबत्ती, जास्वंदी, पांढरी वाळू पसरलेली. आणि गवत एक काडी नाही. एलियेत हात झटकत उभी. म्हणाली, बिचाऱ्याचं कोणी नाही वाटतं, म्हणून मीच उपटलं सगळं. बकऱ्यांना घातलं, वाया नाही घालवलं. डोळे भरून आले होते तिचे. माझ्या तोंडून एवढंच निघालं, देव तुझं भलं करो.

एखादं तरी रोप राहिलं असेल म्हणून वाळू उकरून शोधलं. काही नाही.

आज तिला झाडाखाली नेऊन खरं सांगितलं. आधी तोंडाला येईल ते बोलली, म्हातारे, एका झुडपासाठी मला रडवलंस म्हणाली. मग मटकन खालीच बसली. आर्सेनचा खोकला तिथवर ऐकू येत होता, पण डहाळीला हात लावला नाही तिनं. उठता उठता म्हणाली, परत फळं धरली की सांग, बकऱ्या बांधून ठेवीन. मी म्हटलं, तोवर आपण असू का गं दोघी? तर म्हणते, तुझं तू बघ, माझी बकरी गाभण आहे, मला मरायला वेळ नाही.

न्यायला काही नाही, तरी ये. माया पातळ करू नकोस.
तुझी आजी नोएलिझ