धुक्याची चार मिनिटं

मी, ओटमार ब्रूनिंग, वय वर्षे एकाहत्तर, आधी चित्रपट संकलक आणि नंतर (काहींच्या मते दुर्दैवाने) दिग्दर्शक, राहणार हाम्बुर्ग, आज पूर्ण शुद्धीवर, कोणाच्याही दडपणाशिवाय आणि सकाळच्या कॉफीनंतर लिहून ठेवतो की, माझ्या पश्चात माझ्या चीजवस्तूंची व्यवस्था पुढीलप्रमाणे व्हावी. सगळं स्वतःच्या हाताने लिहिलं आहे, कारण कायद्याला टंकलेखन चालत नाही.

कलम १. घर भाड्याचं आहे, त्यामुळे त्यावरून भांडता येणार नाही. बँकेतली शिल्लक पुतण्या फोल्करला द्यावी. रेल्वेरुळांकडेचा बागेचा तुकडाही, तिथल्या बागवाल्यांच्या संघाने मानलं तर, त्यालाच. कुंपणाची झुडपं त्याने नियमापेक्षा वीतभर उंचच ठेवावीत. संघाच्या अध्यक्षांनी त्यावरून मला अकरा पत्रं पाठवली आहेत. बारावं त्याला येऊ दे.

कलम २. माझी कात्री आणि पांढरे सुती हातमोजे वाल्ट्राउट क्रोनका हिला द्यावेत. ती एकवीस वर्षं माझी सहायक होती. याच कात्रीने मी भल्याभल्या दिग्दर्शकांची लाडकी दृश्यं कापली. कोणी रडकुंडीला आला की एकच सांगायचो, "तुम्ही किती खपलात, ते प्रेक्षकाला दिसत नाही."

कलम ३. मी दिग्दर्शित केलेल्या पहिल्या चित्रपटाचे माझे सर्व हक्क वाल्ट्राउटला. इथे कबुली देतो. एल्बे नदीवर धुकं पडावं म्हणून आम्ही एकोणीस दिवस वाटाण्याचं सूप पीत बसलो होतो. शेवटी पडलं. त्या धुक्यातून एक बोट येते आणि चार मिनिटं नुसती येतच राहते. संकलन वाल्ट्राउटकडे होतं. तिने चारही मिनिटं काढून टाकली आणि माझंच वाक्य मला शांतपणे ऐकवलं. माझा तिळपापड झाला. पण दृश्य परत घालायची हिंमत नव्हती, कारण चित्रपट तिच्या हातानेच उभा राहिला होता. मग मी तिचं नाव कापलं आणि संकलक म्हणून स्वतःचं घातलं. समीक्षकांनी नेमकं संकलनच वाखाणलं, आणि मी निर्लज्जपणे मान डोलावली. यापुढे प्रत्येक प्रतीवर तिचं नाव यावं.

कलम ४. धुक्याची ती चार मिनिटं माझ्या अंत्यविधीला दाखवावीत. तिथून उठून जाणं बरं दिसत नाही.
दुरुस्ती: एक मिनिट दाखवावं.

कलम ५. रद्द. कच्च्या मसुद्यात इथे वाल्ट्राउटची माफी होती, माझ्या पश्चात तिला वाचून दाखवण्यासाठी. तो मसुदा तपासायला मी सोळा वर्षांच्या अबोल्यानंतर तिलाच फोन केला. गेल्या मंगळवारी ती पेन्सिल घेऊन आली. कलम चारची तीन मिनिटं तिने तिथल्या तिथे उडवली. मग पाचपाशी थांबली.

"मेल्यावर कशाला? मी समोर बसलेय. आत्ता म्हणा."

मी घसा खाकरून माझ्या अहंकाराबद्दल, कलावंताच्या आंधळेपणाबद्दल बरंच बोललो.

"नाटकी झालं," ती म्हणाली. "पुन्हा एकदा."

"वाल्ट्राउट, माझं चुकलं."

तिने चष्मा काढून पुसला. बराच वेळ पुसत होती.

"हे ठेवू या," ती म्हणाली.

मला फार बरं वाटलं. माफी मागून झाली, तेव्हा या कलमात ठेवायला काही उरलं नाही. तिच्या खुणांप्रमाणे मी सगळं पुन्हा लिहून काढलं आहे.

हाम्बुर्ग, ९ ऑक्टोबर १९८४

साक्षीदार: हिल्डेगुंड पेटरसन आणि एगोन पेटरसन, खालचा मजला
सही: ओटमार ब्रूनिंग
संकलन: वाल्ट्राउट क्रोनका